पॉज नव्हता तो

रायस्वाइक, नेदरलँड्स
मंगळवार सकाळ

प्रिय यतू,

पाकीट बघून हसला असशील. ताईनं पत्र लिहिलंय, तेही कागदावर, तिकीट चिकटवून. इथे आमच्या गल्लीतली पोस्टाची केशरी पेटीसुद्धा काढून टाकली या लोकांनी, आता पत्र टाकायचं तर सायकल काढून पार स्टेशनपर्यंत जावं लागतं. म्हणजे किती उपद्व्याप करून हे तुझ्या हातात पडलंय याचा विचार कर आणि निदान पूर्ण वाच. फोनवर का नाही बोललीस, असं तू विचारणार. विचार. त्याचं उत्तर मी शेवटी देणार आहे, कारण आधी दिलं तर तू पुढचं वाचणार नाहीस. मी तुला चांगली ओळखून आहे. सेटवर वाचू नकोस, गाडीत वाचू नकोस, घरी बसून वाच. मला तुझी काळजी वाटते आहे, यतू. पुढच्या महिन्यात तुझ्या सिनेमाच्या विमा कंपनीचा डॉक्टर तुला तपासायला येणार आणि 'मला कुठलाही आजार असल्याचं माहीत नाही' अशा कागदावर तू सही करणार. त्या सहीच्या आधी हे तू वाचायला हवं, एवढंच माझ्या डोक्यात आहे.

आधी घरचं सांगते. श्रीकांतचं ऑफिस आता आठवड्यातून दोनदाच, बाकी दिवस तो जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप मांडून बसतो आणि मी भाजी चिरायला लागले की मीटिंगमध्ये आवाज येतो म्हणून माझ्याकडेच रागानं बघतो. जुई ग्रोनिंगनला कॉलेजात खूश आहे. मी मराठीत विचारते, ती इंग्रजीत उत्तर देते, मधेच एखादा डच शब्द टाकते आणि माझं चुकलं की सुधारतेही. मी अजून वृद्धांच्या त्याच दिवसभराच्या केंद्रात कामाला जाते, हेगला, जिथे सूरीनामहून आलेले आपले हिंदुस्तानी आजी-आजोबा येतात. तुला तिथे नेलं होतं तेव्हा तू सगळ्यांना खुर्चीत बसल्याबसल्या नाचवलं होतंस. अजून विचारतात, तो टीव्हीवरचा डॉक्टर कधी येणार पुन्हा. त्यांच्यासाठी तू डॉक्टरच आहेस, काय करणार.

आता तुला तुझीच गोष्ट सांगणार आहे. हसू नकोस आणि पानं उलटू नकोस. तू कॅनडात विनिपेगला शिकायला गेलास, थंडीनं कान सुजले म्हणून आईला रडवेला फोन केलास आणि वर्षभरात पूल बांधायची गणितं सोडून एका चर्चच्या तळघरातल्या नाटकमंडळीत शिरलास. आईनं अंथरूण धरलं होतं तेव्हा, आठवतंय? पहिली जाहिरात बर्फातल्या टायरची. त्यात तू गाडी ढकलत होतास आणि तुझं तोंड दिसतच नव्हतं, तरी आईनं सगळ्या कॉलनीला ती कॅसेट दाखवली आणि 'ही पाठ माझ्या यतीनची' असं सांगितलं. मग दुकानदार, मग टॅक्सीवाला, मग 'अतिरेकी क्रमांक दोन'. क्रमांक एक कोण होता रे? एक गुजराती मुलगा होता, पुढे त्यानं हॉटेल काढलं. तू मात्र चिवट. पाच पाच वर्षं एक एक वाक्य बोललास. लग्नानंतर मृदुलाचं टोरांटोमधल्या लायब्ररीतलं काम नसतं तर तुमच्या घरात चूल पेटली नसती, हे तूच मुलाखतीत सांगितलंस आणि ती लाजून आठवडाभर बाहेर पडली नाही.

मग ती हॉस्पिटलची मालिका. तिथेही तू आधी दुसऱ्या रांगेतलाच डॉक्टर होतास, पण लोकांना तू आवडलास. सहा सीझन! किराणा दुकानात बायका तुला गुडघे दाखवायच्या. आणि सगळं छान चाललेलं असताना तू एक दिवस म्हणालास, 'ताई, मला दुसऱ्यांनी लिहिलेला चांगला माणूस होऊन कंटाळा आला.' मग निर्माता झालास. घर गहाण टाकलंस, दाढी वाढवलीस, आणि त्या ट्रक चालवणाऱ्या विधवेचा सिनेमा केलास, जो कोणी घ्यायला तयार नव्हतं. तो चालला. आमच्या इथे छोट्या थिएटरात लागला तेव्हा शेवटी नावं वर सरकताना 'निर्माता' म्हणून तुझं नाव आलं आणि मी एकटीच टाळ्या वाजवल्या. माझ्या पुढच्या डच बाईनं वळून बघितलं. मी तिला म्हटलं, माझा भाऊ. ती म्हणाली, छान. इथे याहून जास्त कोणी काही म्हणत नाही.

या सगळ्यात मी कुठे होते? मी तुझ्या फोनच्या मागे होते. बाहेरच्या लोकांना हे समजावून सांगावं लागतं की हल्ली नट ऑडिशनला कुठे जात नाहीत, घरीच भिंतीसमोर उभं राहून स्वतःचं रेकॉर्डिंग करून पाठवतात, आणि समोरच्याची वाक्यं कॅमेऱ्यामागून कोणीतरी वाचावी लागतात. तुझं ते कोणीतरी म्हणजे मी. मी इथे श्रीकांतच्या मागे डिपेंडंट व्हिसावर आले होते, नोकरी नव्हती, भाषा येत नव्हती, दिवस खायला उठायचा. तू म्हणालास, ताई, तू वाच. मृदुलाला वाचताना हसू येतं, आणि तुला वाचता येतं. तेव्हापासून मी तुझी बायको झाले, तुझा बॉस झाले, पोलीस झाले, एकदा तर तुला गोळी घालणारा रशियन झाले. माझ्या नाशिकच्या इंग्रजीला तिकडे कोण हसत असेल ते असो. पण ते तास माझे होते. ते नसते तर मी त्या पहिल्या दोन हिवाळ्यांत वेडी झाले असते. हे मी तुला कधी सांगितलं नव्हतं, म्हणून आत्ता सांगते.

मला वाचता येतं ते कुठून, हे तुला माहीत आहे. आबांच्या नाटकमंडळीत मी विंगेत बसायचे. जिल्हा परिषदेतली सगळी मंडळी, दिवसभर फायली आणि संध्याकाळी तालीम. स्पर्धा जवळ आली की आपल्या घरी चहाचं पातेलं गॅसवरून उतरायचं नाही. तू खाली गोट्या खेळायचास, आणि मी फ्रॉकमध्ये, हातात संहिता घेऊन प्रॉम्प्टर. आबांनी मला दोनच गोष्टी शिकवल्या. एक, संहिता वाचून झाली की पहिल्या पानाच्या कोपऱ्यात पेन्सिलीनं तारीख घालायची, म्हणजे किती वाचनं झाली ते कळतं. तूसुद्धा अजून तेच करतोस, तुझ्या स्क्रिप्टवर मी बघितलंय. आणि दुसरी, नट थांबला की लगेच शब्द द्यायचा नाही. आधी त्याचा श्वास ऐकायचा. पॉज घेतलेला नट श्वास धरून ठेवतो. ब्लँक झालेला नट तोंडानं श्वास आत घेतो. पॉजमध्ये शब्द दिलास तर तो तुला विंगेत येऊन मारेल, आणि ब्लँकमध्ये नाही दिलास तर तो मरेल, असं आबा म्हणायचे आणि स्वतःच खो खो हसायचे.

आता जे सांगते ते तू पाहिलेलं नाहीस, कारण तू तेव्हा विनिपेगला होतास आणि आम्ही तुला कळू दिलं नाही. आबांचं शेवटचं नाटक. त्यांची पन्नाशी उलटून थोडीच वर्षं झाली होती. तालमीत ते अडायला लागले. आम्हाला वाटलं, ऑफिसात बढती झालीये, डोक्याला ताप आहे. मी तेव्हा कॉलेजात शिकवायला लागले होते, तरी त्यांच्यासाठी विंगेत बसले. स्पर्धेच्या दिवशी तिसऱ्या अंकात ते अक्षरशः दर दोन वाक्यांनी तोंडानं श्वास घ्यायला लागले. मी शब्द देत गेले. पलीकडच्या विंगेतून आईनं द्यायला सुरुवात केली, तिला तर सगळं नाटक तोंडपाठ. आम्ही दोघींनी मिळून आबांना अख्ख्या अंकातून हाताला धरून बाहेर काढलं. आणि गंमत ऐक, त्यांना अभिनयाचं प्रमाणपत्र मिळालं. परीक्षकांनी भाषणात खास उल्लेख केला, चंद्रहासरावांचे विराम फार बोलके होते. ते प्रमाणपत्र आपल्या हॉलमध्ये टीव्हीवर लावलेलं असायचं ना, तेच ते. तू दर वेळी घरी आलास की त्याखाली उभं राहून फोटो काढायचास. मला ते बघवायचं नाही.

पुढे घरातही आम्ही तेच केलं. कोणी आलं की आई आधीच म्हणायची, अहो, आपले देशपांडे आलेत बरं का. नळवाल्याचं नाव, माझ्या सासऱ्यांचं नाव, कोणता वार, सगळं ती आधी बोलायची आणि आबा ते उचलायचे. इतकं सफाईनं चालायचं की डॉक्टरांनाही पत्ता लागला नाही, कारण डॉक्टरांकडेसुद्धा आईच शेजारी बसून शब्द द्यायची. नाटकवाल्यांचं घर आपलं. दुसऱ्या कुठल्या घरात माणूस अडला की लोक विचारतात, काय होतंय तुम्हाला. आपल्याकडे अडला की शब्द देतात. शेवटी आबा रिक्षातून उतरून दुसऱ्याच्या घरात जाऊन जेवायला बसले तेव्हा तपासण्या झाल्या, आणि तेव्हा डॉक्टर म्हणाले की फार आधी यायला हवं होतं. औषधानं बरं झालं नसतं, पण बरीच वर्षं धरून ठेवता आलं असतं. त्यांच्या त्या शेवटच्या संहितेवर, पहिल्या पानाच्या कोपऱ्यात, एकाच दिवसाची तारीख तीनदा घातलेली आहे. त्यांच्याच अक्षरात. ती संहिता माझ्याकडे आहे, इथे, कपाटात.

आता तुला कळायला लागलं असेल मी कुठे चालले आहे. थांब, फेकून देऊ नकोस.

मागे शरद ऋतूत तू नायमेखनला जागा बघायला आलास, तुझ्या या नव्या सिनेमासाठी. नदीवर माणसं आणि सायकली पलीकडे नेणारी पोंट चालवणारा म्हातारा भारतीय, आणि त्याची न बोलणारी मुलगी. म्हातारा तूच, निर्माता तूच, आणि इकडची निर्माती ती उंच मारलूस, जिनं तुझ्यासाठी नगरपालिकेपासून पाटबंधारे खात्यापर्यंत सगळ्यांच्या परवानग्या काढल्या. तू आमच्याकडे राहिलास ते दिवस किती छान गेले. एका सकाळी तू श्रीकांतची सायकल घेऊन पाव आणायला गेलास आणि पाव घेऊन चालत परत आलास. सायकल चोरीला गेली म्हणालास. इथे सायकल चोरीला जाण्यात काही नवल नाही, आमच्याच तीन गेल्यात. श्रीकांतनं पोलिसांकडे ऑनलाइन तक्रार केली, तुला चिडवलं, आणि विषय संपला. तू गेल्यावर मला खुंटीवर तुझा विसरलेला रेनकोट दिसला. खिशात सायकलची किल्ली होती. मला वाटलं, बरोबर आहे, किल्ली याच्याकडे आणि सायकल चोराकडे. मग सहज म्हणून मी बेकरीकडून गेले. सायकल तिथेच उभी होती, यतू. स्टँडवर, कुलूप लावलेली, सीटवर पानं पडलेली. किल्ली घातली, उघडली. मी ती हातानं ढकलत घरी आणली, बसायची हिंमत झाली नाही. श्रीकांत म्हणाला, कलाकार माणूस, असायचाच. मीही हसले. हसले आणि स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडला.

तेव्हा मी स्वतःची समजूत घातली. विमानाचा थकवा, डोक्यात सिनेमा. जुईनं सांगितलं की मामानं तिला एकाच जेवणात दोनदा विचारलं की तू काय शिकतेस, तर मी तिलाच झापलं, म्हटलं तू पुटपुटतेस, ऐकू येत नाही त्याला. तो सेटवरच्या साउंडवाल्याच्या कुत्र्याचा किस्सा तू मला फोनवर तीन रविवारी सांगितलास आणि मी तिन्ही वेळा पहिल्यांदा ऐकल्यासारखी हसले. आणि मग एक दिवस माझ्याच लक्षात आलं की मी आई झाले आहे. तू मारलूसचं नाव शोधायला लागलास की मी आधीच म्हणायचे, मारलूस काय म्हणते? किती सफाईनं, बघ. माझ्या अंगात मुरलंय ते.

त्यानंतर व्हिडिओ कॉलवर ते वाचन झालं. विमावाल्यांना आणि पैसे देणाऱ्यांना पाठवायचा होता तो प्रसंग, म्हातारा पोंटीवर मुलीला तिच्या आईबद्दल सांगतो तो. मी मुलगी होते, म्हणजे मला बोलायचंच काही नव्हतं, फक्त ऐकायचं होतं. तू चष्मा घातला होतास. म्हातारा चष्मा लावतो म्हणालास. आणि तुझ्या काचांमध्ये मला खिडकीशेजारची भिंत दिसत होती, तिच्यावर पिवळे कागद चिकटवलेले. ओळीनं. तू कधी कागद लावलास, यतू? सहा सीझन लॅटिनमधल्या आजारांची नावं एका दमात म्हणणारा तू. आणि 'तुझी आई या पाण्याला घाबरायची' असं म्हणून तू थांबलास. कागदांकडे बघितलंस. सापडलं नाही. मी वाट बघितली. तू तोंडानं श्वास आत घेतलास. मी शब्द दिला. तो घेऊन तू पुढे गेलास आणि संपल्यावर हसून म्हणालास, 'ताई, तो पॉज होता, तू मोडलास.' मी सॉरी म्हटलं. पण पॉज नव्हता तो. मारलूसनं ते बघून कळवलं की तो प्रसंग बघताना तिच्या डोळ्यांत पाणी आलं. विशेषतः ती शांतता. मला हॉलमधलं प्रमाणपत्र आठवलं.

मी डॉक्टर नाही. पण केंद्रात रोज हेच बघते. आमच्याकडे एक आजोबा आहेत, आयुष्यभर ट्राम चालवली, सगळे थांबे ओळीनं म्हणतात, मुलगी आली की तिला विचारतात तुम्ही कुठे उतरणार. तिथे मी एक शिकले. नवीन माणूस आलं की मी त्याच्याकडे बघत नाही, त्याच्या शेजारी बसलेल्याकडे बघते. बायको, भाऊ, मुलगी जे कोणी असेल त्याचे ओठ आधी हलतात. आमच्या हाऊसआर्ट्सकडे, म्हणजे इथल्या फॅमिली डॉक्टरकडे मी गेले होते, माझ्या पाठीचं निमित्त काढून. तुझं नाव न घेता सगळं विचारलं. तो म्हणाला, असं शंभर गोष्टींनी होऊ शकतं. थायरॉइड, जीवनसत्त्वाची कमतरता, झोप, मनावरचा ताण, आणि त्यातल्या बऱ्याच बऱ्या होतात. वडिलांना होतं म्हणजे तुम्हालाही होईलच असं नाही. पण तपासल्याशिवाय कोणालाच सांगता येणार नाही, आणि लवकर तपासलं तर हातात पुष्कळ काही असतं. मी या 'शंभर गोष्टीं'ना घट्ट धरून बसले आहे. देवाकडे अगदी जीवनसत्त्वच मागितलंय.

तू म्हणशील, तपासलं आणि काही निघालं तर सिनेमा गेला. जाईल कदाचित. घर पुन्हा गहाण आहे, हेही मला माहीत आहे. मारलूसची दोन वर्षं, पोंटीवरची ती सगळी माणसं. पण आत्ता कळलं तर तुम्ही बसून ठरवू शकता. म्हातारा दुसरा कोणी करेल आणि तू निर्माता राहशील, किंवा तूच करशील आणि मारलूस रोज थोडं थोडं शूट ठेवेल, कागद लावून, उघड उघड, सगळ्यांना सांगून. त्यात लाज कसली? लाज आहे ती काही माहीत नाही असं लिहून सही करण्यात. आणि भर नदीत, पन्नास माणसं कॅमेऱ्यामागे श्वास रोखून उभी असताना, तू तोंडानं श्वास घेशील आणि तिथे विंग नसेल, यतू. मी तिथे नसेन.

आता फोनवर का नाही, ते सांगते. फोनवर सांगितलंय, राजा. हे सगळं, सायकल, पिवळे कागद, आबा, सगळं मी तुला त्या वाचनानंतरच्या रविवारी सांगितलं आहे. शेवटी तू रडलास. म्हणालास, ताई, मलाही कळतंय गं, मी घाबरून कोणाला सांगितलं नाही. सोमवारीच डॉक्टरला फोन करतो म्हणालास, आणि मृदुलाला मी स्वतः सांगेन, तू सांगू नकोस, अशी शपथ घातलीस. मी त्या दिवशी किती हलकी झाले होते. पुढच्या रविवारी तुझा फोन आला, शूटिंगच्या तारखा ठरल्या म्हणून तू नाचत होतास. मी विचारलं, डॉक्टरकडे गेलास? तू म्हणालास, 'कसला डॉक्टर?' तुझा अभिनय मला लहानपणापासून कळतो. तो अभिनय नव्हता. तेव्हा मी शब्द दिला नाही. विषय बदलला, फोन ठेवला, आणि हे लिहायला बसले. हेच पत्र मी मृदुलालाही पाठवते आहे. शपथ मोडते आहे, चीड हवा तेवढा, पण आईनं जे केलं ते मी करणार नाही. कागदावर एवढ्यासाठी की कागद राहतो. वाचून झालं की पहिल्या पानाच्या कोपऱ्यात पेन्सिलीनं तारीख घाल, संहितेवर घालतोस तशी. आणि तिथे तुझ्या अक्षरातली तारीख आधीच असेल, तर घाबरू नकोस. तसाच पुढच्या खोलीत जा आणि हे मृदुलाच्या हातात दे.

तुझीच,
विंगेतली ताई